फुलीवर बोट

सोमवार, ४ मार्च

आज तीन आल्या. तिन्ही घालवल्या!

पहिली सोपी होती. साबणाची जाहिरात. पाच आकडे उलटे मोजले, फुली आली, दाबली, गेली. दुसरीत दोन फुल्या होत्या. एक मोठी, पांढरी, ठळक — ती खोटी. ती दाबली की सरळ फोनातलं दुकान उघडतं आणि नको ते फोनात उतरायला लागतं. खरी फुली वर कोपऱ्यात, माशीच्या पायाएवढी, राखाडी. चष्मा पुसला तेव्हा सापडली. तिसरी नव्या तऱ्हेची — फोन नुसता हलला तरी दुकान उघडतं. म्हणून मी आता फोन हातात धरतच नाही. मेजावर दोमिनोच्या ठिपकेदार सोंगटीसारखा सपाट ठेवते आणि एका बोटानं खेळते. बोट थरथरत नाही. एकसष्टाव्या वर्षी नाही थरथरत!

मग डाव पुरा केला. आम्ही जिंकलो. आम्ही म्हणजे मी आणि समोरचा भिडू. पडद्यावर माझं नाव नाही. नाव आहे ‘एलिहिओ-बानी’ — माझा नवरा आणि आमचं गाव. त्याच्यापुढे आकडा — १४१५.

हे सलग दिवस आहेत. टाळेबंदीत पोलिसांनी कोपऱ्यावरच्या दुकानापुढचं दोमिनोचं मेज उचलायला लावलं, तेव्हा एलिहिओनं फोनवर हा खेळ सुरू केला. रोज दुपारी चार वाजता एक डाव. एक दिवस चुकला की आकडा शून्य आणि खुर्ची दुसऱ्याला. शेवटी इस्पितळात त्याला हात उचलवेना, तेव्हा त्यानं फोन माझ्या मांडीवर सरकवला. “ओनेलिया, माझी खुर्ची रिकामी ठेवू नको.” बस, एवढंच. प्रेमाबिमाचं काही बोलला नाही. तसला नव्हताच तो.

तो गेला, नऊ दिवसांच्या प्रार्थना झाल्या, दहाव्या दिवशी मी फोन उघडला. मधल्या वीस दिवसांत कुणीच खेळलं नव्हतं. आकडा शून्य असणार म्हणून डोळे मिटून घेतले होते. उघडून बघते तर एकाही दिवसाचा खंड नाही! मी क्रूसाची खूण केली. म्हटलं, वर जाऊनसुद्धा बसायची सवय सुटली नाही याची.

तेव्हापासून मी एक दिवस चुकवला नाही. चुकवणारही नाही.

मंगळवार, ५ मार्च

लाईट नव्हती. दोन जाहिराती. हरलो. १४१६.

बुधवार, ६ मार्च

आज पाच महिने झाले. सकाळी मेणबत्ती लावून आले. कबरीवर कुणाच्या तरी बकऱ्या बसल्या होत्या. एलिहिओला हसू आलं असतं. मला आलं नाही, पण मी त्यांना हाकललंही नाही.

तो जाहिरात बघत नसे. आली की फोन पालथा घालायचा आणि कॉफी ढवळायला उठायचा. “माझ्या डोळ्यांचं भाडं यांनी भरलेलं नाही,” म्हणायचा. दुकानापुढे सगळ्यांना छाती फुगवून सांगायचा — इतकी वर्षं खेळतोय, एक जाहिरात बघितली नाही! मेजावरचा चिचो म्हणायचा, फेकतोय लेकाचा. पण मी साक्षीला होते. फेकत नव्हता.

एकदाच पकडला होता त्याला. दोन वर्षं झाली असतील. ओट्यावरच्या झुलत्या खुर्चीत बसलेला, फोन समोर, आणि शाम्पूची जाहिरात चाललेली — एक बाई केस उडवतेय, उडवतेय, संपेचना. हा डोळे न हलवता बघतोय. मी म्हटलं, “काय हो, टकलाला शाम्पू?” दचकला. म्हणाला, “बोट दुखतंय. दाबता येत नाही.” मी बोटाला बाम लावून दिला. कितीतरी दिवस दुखत होतं म्हणे ते बोट.

शनिवार, ९ मार्च

मिल्केया भिंतीपलीकडून ओरडत आली. तिचं केसांचं दुकान आमच्या भिंतीला लागून आहे. दोन गिऱ्हाइकं डोक्याला कर्लर लावून तशीच ठेवून आली होती.

“ओनेलिया, माझ्या फोनला सैतान लागलाय! मी हातही लावत नाही नि जाहिराती आपोआप येतायत. गिऱ्हाइकाशी बोलत होते तर मधेच जुगाराची! पाद्रीबाबांची बहीण होती गं समोर!”

“तू काय दाबलंस?”

“काही नाही.”

“मिल्केया.”

“...फुगे फोडत होते. मधेच आलं — तुमचा फोन घाण झालाय, लगेच साफ करा. म्हणून साफ केला. माणसानं स्वच्छ राहू नये का?”

मी चष्मा लावला. तिच्या फोनात एक झाडूचं चित्र बसलं होतं. कुणी बोलावलं नव्हतं. काढायला गेले की पळायचं — म्हणजे दुसरंच पान उघडायचं. पाऊण तास लागला. बारीक अक्षरं एकेक करून वाचली. कुठे ‘रद्द’ म्हणजे खरंच रद्द, आणि कुठे ‘रद्द’ म्हणजे ‘चालू ठेवा’ — सगळं वाचलं. शेवटी झाडू गेला!

मिल्केयानं माझे दोन्ही गाल दाबले. “तुला हे शिकवलं कुणी?”

मला कुणी काही शिकवलेलं नाही. अक्षरंसुद्धा नाही. चाळिशीनंतर तांदळाच्या पोत्यावर, औषधाच्या खोक्यांवर, कच्ची केळी बांधून आलेल्या वर्तमानपत्राच्या तुकड्यांवर बोट ठेवून ठेवून शिकले. मग चर्चच्या कपाटातली पुस्तकं. आता मधमाश्यांचं जाडं पुस्तक चाललंय, निम्मं झालं. शिकलेली माणसं मोठी अक्षरं वाचतात आणि पुढे जातात. मी उशिरा शिकले, म्हणून बारीकही सोडत नाही. मी सगळं वाचते.

१४२०. दोन जाहिराती. त्यांची काय बिशाद.

मंगळवार, १२ मार्च

दोन दिवसांत सात फोन आले माझ्याकडे! मिल्केयानं गल्लीभर केलं. काल एक बाई पार मातांसासहून आली, बकरीचं मटण घेऊन. फोन धरतात आणि तोंड असं करतात जसं डॉक्टरपुढे पोर.

मिल्केया म्हणाली, “तू एका कागदावर लिहूनच दे. आरशाला लावते. केस वाळेपर्यंत बायका वाचतील तरी.”

मी वहीतलं पान फाडलं. तीनदा लिहिलं, दोनदा चुरगळलं. मोठी फुली खोटी, बारीक फुली खरी. फुली लगेच येत नाही — धीर धरा, मधे कुठेही बोट लावू नका. फोन सपाट ठेवा. घाण झालाय, बिघडलाय, बक्षीस लागलंय, यातलं काही खरं नसतं. आणि सगळ्यांत खाली, दोन रेघा मारून — ‘तुमच्यासाठी निरोप आहे’ असं आलं तर न वाचता बंद करा. तुम्हाला कुणीही निरोप पाठवलेला नाही.

दुपारी गेले तर कागद आरशाच्या मधोमध. माझं अक्षर! भिंतीवर! खाली मिल्केयानं ओठांच्या लालीनं लिहिलंय — दोन्या ओनेलियाच्या हुकमावरून. दोन्या! जशी मी कुणी मोठी बाईसाहेब.

काहीतरी कारण काढून मी पुन्हा एकदा जाऊन बघून आले.

गुरुवार, १४ मार्च

दुकानात कॉफी आणायला गेले. मेजावर चौघं. एलिहिओच्या जागी चिचोचा मेहुणा बसतो आता, सोंगट्या इतक्या जोरानं आपटतो की मेज फुटेल. मी जरा थांबले. नुसतं ऐकूनही मला डाव कळतो — अडतीस वर्षं स्वयंपाकघरातून ऐकलाय. मेहुण्यानं चार-दोन टाकली तेव्हा माझ्या तोंडून गेलंच, “अरेरे!”

चिचोनं मान वळवली. “काय झालं, ओनेलिया?”

“काही नाही. पाच बंद करायला हवे होते.”

सगळे हसले. मेहुणा सगळ्यांत मोठ्यानं. चिचो वाईट माणूस नाही, पण जीभ आवरत नाही. “नवऱ्याच्या नावानं फोनवर खेळतेस म्हणे. समोर कोण असतं? मशीन! मशीन काय कुणालाही जिंकू देतं गं. इथे बसायचं तर समोर जिवंत माणूस लागतो.”

इथे बायका बसत नाहीत. कुणी मनाई केलेली नाही. बसत नाहीत, एवढंच.

मी कॉफी घेतली आणि निघाले. दहा पावलांवर मागून आरडाओरडा झाला. मेहुणा पाचवरच अडकला होता.

पण ते टोचलं. मशीन. माझ्या समोरच्याचं नाव ‘डावखुरा-तांबोरिल’ आहे. मशीन असणार हे मलाही वाटतंच. रोज चारला हजर, कधी उशीर नाही, कधी एक शब्द नाही. माणूस असा कुठे असतो?

रविवार, १७ मार्च

राजम्याची खीर केली. उपासाचे दिवस, त्याच्याशिवाय कसे जायचे! नारळाचं दूध, रताळं, मनुका, वर छोटी बिस्किटं. नऊ घरी वाटी पोचवली, सहा घरांतून वाटी आली. एलिहिओची वाटी सवयीनं काढून ठेवली होती. मीच खाल्ली. १४२८.

मंगळवार, १९ मार्च

तो लिफाफा आज पुन्हा आला. डाव संपला, जाहिरात घालवली, की कधीमधी खालच्या कोपऱ्यात एक छोटा पिवळा लिफाफा फडफडतो. ‘तुमच्यासाठी निरोप आहे.’ ऑक्टोबरपासून चाललंय. मी पाहिल्याबरोबर फुली दाबते. आता तर इतकी सराईत झालेय की लिफाफा पुरता उघडतसुद्धा नाही, त्याआधी गेलेला असतो!

निरोप म्हणे. दोमिनोच्या मेजावर भिडू भिडूशी बोलत नाही. खोकलासुद्धा जपून काढायचा, नाहीतर खूण केली म्हणतात. एलिहिओ तर डाव चालू असताना “पाणी दे”सुद्धा म्हणत नसे, पेला हलवायचा. मग खेळातून निरोप कोण पाठवणार? जाहिरातवाल्यांना दोमिनो माहीत नाही, तिथेच ते फसतात.

रविवार, २४ मार्च

यानिल्का आली राजधानीहून, सुट्टीला. एलिहिओच्या भावाची मुलगी, हुशार, दोन मिनिटं एका जागी बसत नाही. चर्चमधून आणलेली ताडाची पानं दाराला लावली तिनं. मग आरशावरचा कागद बघून आली.

“काकू! तू तर प्रसिद्ध झालीस!”

“चेष्टा करू नको.”

“नाही गं, खरंच छान लिहिलंयस. पण इतकी मारामारी कशाला? हे विमानाचं चित्र दिसतं ना? खेळायच्या आधी दाबायचं. नेट बंद. नेट नाही तर जाहिरात येणार कुठून? खेळून झालं की पुन्हा चालू कर, नाहीतर फोन लागायचा नाही.”

इतके महिने मी दारात उभी राहून एकेकाला हाकलत होते. दार लावता येतं हे कुणी सांगितलंच नाही!

सोमवार, २५ मार्च

विमान दाबलं. एकही नाही! शून्य! डावावर डाव, मधे नुसती शांतता. कॉफी गरम असतानाच संपवली. एलिहिओ, बघतोयस ना?

आकडा दिसत नव्हता पडद्यावर. नसू दे. मी खेळले आहे, चारच्या ठोक्याला.

मंगळवार, २६ मार्च

पुन्हा शून्य. मिल्केयाला विमान दाखवलं, ती नाचलीच. म्हणाली, कागदावर हेही लिही. उद्या लिहिते.

भिडू आज विचित्र खेळला. माझ्या हातात तीन ठिपक्यांच्या सोंगट्या भरलेल्या, मी दोनदा दाखवून दिलं, आणि यानं तीनचंच टोक बंद केलं. डावखुरा असं कधी करत नाही. पवित्र आठवड्यात मशीनलाही सुट्टी असावी.

बुधवार, २७ मार्च

हे नीट लिहायला हवं.

चारला विमान दाबून बसले. भिडू गाढवासारखा खेळला. सहा-सहा शेवटपर्यंत हातात धरून बसला! मी चिडून फोन यानिल्कापुढे ठेवला. ती केळी तळत होती.

“बघ गं, काय झालंय याला?”

तिनं मान वाकवली. “काही नाही काकू. नेट बंद आहे ना, मग समोर फोनच खेळणार. फोनातलं मशीन. त्याला काय अक्कल?”

“मग एरवी कोण खेळतं?”

“एरवी? एरवी तिकडे कुणीतरी माणूस असणार.”

मला तेल तडतडलेलं ऐकू आलं.

“आणि आकडा? मी तीन दिवस विमान दाबून खेळतेय. आकडा पुढे गेला असेल ना?”

ती झारा हातात घेऊन वळली. “काकू... नेटच नाही तर तू आलीस हे त्यांना कळणार कसं?”

मी खाली बसले. चार वर्षं. टाळेबंदीत, तापात, इस्पितळात त्यानं जो आकडा मोडू दिला नाही, तो मी मोडला. जाहिराती चुकवायच्या हौसेपायी! हुशारी मिरवायच्या नादात! यानिल्का काहीतरी म्हणत होती, मी ऐकलं नाही. विमान बंद केलं. खेळ उघडला. डोळे मिटले, ऑक्टोबरसारखे.

उघडले तर — १४३७. आणि समोर ‘डावखुरा-तांबोरिल’. पाच वाजून गेले होते. तो बसलेला होता.

डाव खेळलो. १४३८ झाले. मग मी आजवर जे केलं नव्हतं ते केलं. त्या आकड्यावर बोट ठेवलं. चमकणाऱ्या कशालाही हात लावायचा नाही, हा माझाच नियम. ठेवलं तरी. एक पान उघडलं, अक्षरं बारीक. चष्मा पुसला. वाचलं.

‘भिडू गैरहजर असेल तर एक जाहिरात पूर्ण पाहून त्याची खुर्ची एक दिवस राखता येते.’

खाली यादी.

२५ आणि २६ मार्च — दोन दिवस. राखणारा: डावखुरा-तांबोरिल.

सप्टेंबर-ऑक्टोबर — वीस दिवस. राखणारा: डावखुरा-तांबोरिल.

एलिहिओ इस्पितळात होता ते दिवस. शवपेटी घरात होती तो दिवस. बायका प्रार्थना म्हणत होत्या ते नऊ दिवस. कुठल्या तांबोरिलमध्ये कुणीतरी रोज फोन समोर धरून आमच्यासाठी साबण-शाम्पू बघत होता, शेवटपर्यंत. मी समजत होते एलिहिओनं वरून सांभाळलं!

आणि सगळ्यांत खाली, दोन वर्षांपूर्वीचं — बेचाळीस दिवस. राखणारा: एलिहिओ-बानी.

बेचाळीस! एकही जाहिरात न बघणारा माझा नवरा! बोट दुखतंय म्हणे!

मी इतकी हसले की यानिल्का घाबरली. मग मी रडायला लागले आणि तिनं गॅस बंद केला.

गुरुवार, २८ मार्च

सकाळी. यानिल्का झोपलेली. लिफाफा सापडला. मी बंद केलेले निरोप जात नाहीत, मागे साठून राहतात. अकरा होते. सगळे त्याचे. इथे उतरवून ठेवते, फोनाचा काही भरवसा नाही.

१६ ऑक्टोबर — ‘एलिहिओ, वीस दिवस कुठे होतास? मेजावर बोलू नये हे ठाऊक आहे. खुर्चीवर कुणाला बसू दिलं नाही.’

१७ ऑक्टोबर — ‘हा एलिहिओ नाही.’

२ नोव्हेंबर — ‘आज मृतांचा दिवस. त्याच्या नावानंही मेणबत्ती लावली. चुकत असेन तर मला शिव्या घाल आणि मेणबत्ती विझवायला सांग.’

पुढचा डिसेंबरमधला, सगळ्यांत लांब — ‘तुम्ही कोण आहात, माहीत नाही. त्याच्याशी माझं चार वर्षांत एकदाच बोलणं झालं. माझी बायको गेली तेव्हा लिहिलं होतं की आता खेळवत नाही, खुर्ची दुसऱ्याला द्या. त्यानं उत्तर लिहिलं — पाहिजे तेव्हा ये. मी बेचाळीस दिवसांनी गेलो. खुर्ची होती. रोज शाम्पूचीच लागते, असं त्यानं लिहिलं, तोंडपाठ झाली. बायकोनं पकडलं म्हणे, पण सांगितलं नाही.’

जानेवारीत एक ओळ — ‘कालचं पाच बंद करणं फार सुंदर होतं.’

बाकीचे असेच, डावाबद्दल. शेवटचा परवाचा — ‘दोन दिवस आला नाहीत. बरं आहे ना? बसून आहे.’

आणि फेब्रुवारीतला हा. हा मी पाच वेळा वाचला. ‘एक सांगू? एलिहिओ कापिकुआच्या मागे लागायचा. दोन्ही टोकांना बसणारी सोंगटी शेवटी टाकून टाळ्या मिळवायच्या, त्या नादात हातातले डाव घालवायचा. तुम्ही तसं करत नाही. तुम्ही त्याच्यापेक्षा चांगलं खेळता. त्याला सांगू नका.’

सांगितलं. दुपारी कबरीवर जाऊन सांगितलं. मोठ्यानं.

शुक्रवार, २९ मार्च

गुड फ्रायडे. आज खेळायचं नसतं. खिळा ठोकायचा नाही, झाडू मारायचा नाही, मोठ्यानं बोलायचं नाही. एलिहिओ या दिवशी फोन घेऊन संडासात जायचा आणि कडी लावायचा. मीही लावली. डावखुराही आला होता! कुठे बसला होता कोण जाणे. १४४०.

शनिवार, ३० मार्च

उत्तर लिहायला सबंध सकाळ गेली. आधी वहीत लिहिलं, मग फोनात. घरच्या माणसांशिवाय कुणाला मी आजवर ओळ लिहिलेली नाही. ‘मी ओनेलिया. त्याची बायको. ६ ऑक्टोबरला गेला, सकाळी, खिडकी उघडी होती. तुमचे निरोप जाहिराती समजून बंद केले. मेणबत्ती विझवू नका.’

दुपारी उत्तर आलं. लिफाफा फडफडला आणि माझं बोट सवयीनं फुलीवर गेलंच! तिथून उचललं.

‘बाई, मेजावर बोललो त्याची माफी मीच मागायला हवी. आता नाही बोलणार. एवढंच कळवतो — मंगळवारी सान्तियागोला डोळ्यांतले मोतीबिंदू काढतायत. तीन आठवडे पडदा बघायचा नाही म्हणतात. आकडा जाईल, जाऊ द्या. चार वर्षं झाली, पुष्कळ झालं. तुम्हाला नवा भिडू मिळेल. तुमच्या हाताला कुणीही भिडू मिळेल.’

मी काही लिहिलं नाही. मेजावर बोलत नाहीत.

पेन घेऊन मिल्केयाच्या दुकानात गेले आणि आरशावरच्या कागदावरची शेवटची ओळ खोडली.

“अगं, अगं! चांगला कागद!” मिल्केया ओरडली. “तीन बायकांनी पाठ केलाय तो!”

“तर मग त्यांना नवीन पाठ करायला सांग.” खाली लिहिलं — ‘निरोप आहे असं आलं तर आधी वाचा. बंद मग करा.’

“आणि ते विमान? ते नाही लिहिणार?”

“एकटीनं फुगे फोडायचे असतील तर दाबा. समोर कुणी बसलं असेल तर दाबू नका.”

“आता समोर कोण बसतं बाई तुझ्या?”

“आहे एक,” मी म्हटलं. कर्लर लावलेली चार डोकी एकदम वळली. यानिल्का दारात हसून हसून वाकली. हे सोमवारपर्यंत सगळ्या बानीला कळणार. कळू दे!

रविवार, ३१ मार्च

ईस्टर. काळं सोडून राखाडी झगा घातला. चर्चहून येताना चिचो मेजावरून म्हणाला, “काय ओनेलिया, मशीन काय म्हणतंय?”

“मशीनचा मंगळवारी मोतीबिंदू काढतायत,” मी म्हटलं आणि चालत राहिले. मागे सोंगट्यांचा आवाज थांबला होता.

मंगळवार, २ एप्रिल

चार वाजता समोरची खुर्ची रिकामी. जाहिरात उघडली. फोन सपाट, दोन्ही हात मांडीवर. तीस आकडे. फुली आली, दाबली नाही, पार शेवटपर्यंत जाऊ दिली. शाम्पूची होती.

१४४४.